एकशे पाच रुपये मुद्दल

एप्रिल २०२३ च्या हप्त्यात आमच्या गृहकर्जाची मुद्दल एकशे पाच रुपयांनी कमी झाली. हप्ता होता १३,९५५ रुपयांचा. उरलेले १३,८५० व्याजात गेले. हप्ता एकदाही चुकला नव्हता, चेक परतला नव्हता, बँकेच्या लेखी मी उत्तम कर्जदार होते. तरीही त्या गतीने कर्ज फिटायला अजून ५१ वर्षं लागली असती.

हे असं कसं होतं, ते समजून घेण्यात माझे बरेच रविवार गेले. आमच्या भागात नोकरीवाल्यांची घरं आता होम लोनवरच उभी राहतात, आणि शाखेत विचारायचा प्रश्न सगळ्यांचा एकच असतो: हप्ता किती बसेल? म्हणून हे सविस्तर लिहिते आहे.

मी यवतमाळ जिल्ह्यात, दारव्हा तालुक्यातल्या एका प्राथमिक आरोग्य केंद्रात औषध निर्माण अधिकारी आहे. नवरा शेती बघतो. कापूस, तूर, थोडं सोयाबीन. गावातलं जुनं घर दोन भावांच्या वाटणीत अपुरं पडायला लागलं, म्हणून रस्त्याच्या कडेच्या लेआउटमध्ये एक प्लॉट आधीच घेऊन ठेवला होता. गावठाणातल्या घरावर कर्ज द्यायला बँका कां-कूं करतात. तिथं हाताशी ग्रामपंचायतीचा नमुना आठ, म्हणजे घरपट्टीच्या नोंदीचा उतारा, असतो, आणि बँकेच्या वकिलाला मालकीची अख्खी साखळी कागदावर लागते. अकृषक प्लॉट, नोंदवलेलं खरेदीखत आणि मंजूर नकाशा असला की काम पुढे सरकतं. आमचं सरकलं.

साल २०२१. कोविडमुळे मे २०२० मध्ये रिझर्व्ह बँकेने रेपो दर, म्हणजे ती बँकांना ज्या दराने पैसे देते तो, ४ टक्क्यांवर आणला होता आणि पुढची दोन वर्षं तो तिथेच होता. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराची, गृहकर्जं बाहेरच्या एखाद्या दराला बांधावी लागतात. बहुतेक बँकांनी रेपोच धरला. आमच्या करारात लिहिलं होतं रेपो अधिक ३, म्हणजे ७ टक्के. अठरा लाख, वीस वर्षं, हप्ता १३,९५५. शाखेतल्या साहेबांनी पगाराची स्लिप बघितली, म्हणाले, "मॅडम, आरामात झेपते." झेपत होतंच.

१३,९५५ गुणिले २४० हा गुणाकार तिथं कोणी करत नाही. तो येतो ३३ लाख ४९ हजार. म्हणजे अठरा लाख वापरायचे, आणि साडेपंधरा लाख ते वापरल्याबद्दल द्यायचे. तेही दर सात टक्क्यांवर वीस वर्षं जागचा हलला नाही तर.

ह्या आकड्याने गावात कोणी दचकत नाही, त्याला कारण आहे. आमच्याकडे व्याज म्हटलं की लोकांच्या डोक्यात सावकाराचा दर असतो, शेकड्याला दोन रुपये महिना. म्हणजे वर्षाला २४ टक्के. दुसरीकडे सोसायटीचं, म्हणजे गावच्या सहकारी पतसंस्थेचं, पीककर्ज. तीन लाखांपर्यंत घेतलं आणि मुदतीत फेडलं तर महाराष्ट्रात ते शून्य टक्क्याने पडतं. ह्या दोहोंच्या मध्ये सात टक्के ऐकले की स्वस्तच वाटतात. पण सावकाराचं कर्ज एका हंगामाचं, पीककर्ज वर्षाचं, मार्चअखेर नवं-जुनं करायचं, म्हणजे जुनं फेडून नवं उचलायचं. वीस वर्षांचं कर्ज आमच्या घरात आधी कोणी घेतलेलंच नव्हतं. दर लहान असला तरी मुदत काय करते, त्याचा अंदाज आम्हाला कुठून असणार? शिवाय पीककर्जाला कधी ना कधी माफीची आशा असते. २००८, २०१७, २०१९, तिन्ही वेळा गावात याद्या लागल्या. होम लोनची यादी कधी लागत नाही.

व्याजाशिवायचे खर्च आधीच सांगून टाकते. प्रोसेसिंग फी आणि त्यावर अठरा टक्के जीएसटी. बँकेच्या वकिलाचा सर्च रिपोर्ट, व्हॅल्युअरची फी, गहाणाची नोंद आणि तिचं मुद्रांक शुल्क. बांधकामाचे पैसे टप्प्याटप्प्याने मिळतात, जोता झाला की इतके, स्लॅब पडला की इतके. आणि पूर्ण रक्कम उचलेपर्यंत नुसतं व्याज भरत राहायचं. आमचे त्यात सदतीस हजारांच्या आसपास गेले. त्याने मुद्दलीचा एक रुपयाही हलत नाही.

सगळ्यात महाग मात्र पडला विमा. कर्जदार गेला तर कर्ज फिटावं म्हणून साठ हजारांचा एकरकमी हप्ता, आणि तो कर्जातच घातलेला. अठरा लाखांतले हे साठ हजार घराच्या विटांना लागलेच नाहीत. सात टक्क्यांनी वीस वर्षं धरले की त्यांचे होतात एक लाख साडेअकरा हजार. विमा असावा ह्याबद्दल माझं दुमत नाही. घरात कमावतं माणूस गेलं की काय होतं ते आरोग्य केंद्रात रोज दिसतं. पण तो बँक दाखवेल त्याच कंपनीचा घ्यावा आणि कर्जातच मिसळावा अशी सक्ती करता येत नाही. साधा टर्म इन्शुरन्स वेगळा काढून वर्षाच्या वर्षाला हप्ता भरता येतो. माझ्या वहिनीच्या कर्जाच्या वेळी आम्ही तसंच केलं. शाखेने थोडी कुरकुर केली आणि मग मान्य केलं.

पहिल्या हप्त्यात १०,५०० रुपये व्याज आणि ३,४५५ मुद्दल होती. हे काही काळंबेरं नाही. व्याज उरलेल्या मुद्दलीवर लागतं, आणि सुरुवातीला सगळीच मुद्दल उरलेली असते. हळूहळू काटा फिरतो. किती हळू, ते मात्र मी स्वतः मांडून बघेपर्यंत मला खरं वाटलं नव्हतं: दर सातच राहिला तरी दहा वर्षांनी, म्हणजे निम्मे हप्ते भरून झाल्यावर, अठरा लाखांतले बारा लाख उरतात.

मांडलं ते असं. आमच्याकडे औषधांचं स्टॉक रजिस्टर असतं. आरंभीची शिल्लक, आलेला माल, दिलेला माल, अखेरची शिल्लक. अर्धी नोकरी त्या चार रकान्यांत गेली आहे. एक कोरं रजिस्टर घरी आणलं आणि त्याच चालीवर रकाने आखले: आरंभीची बाकी, व्याज, मुद्दल, अखेरची बाकी. बँकेचं स्टेटमेंट शेजारी ठेवून एकेक महिना उतरवला. एक्सेलमध्ये हे दोन मिनिटांत होतं, आणि नंतर मुलीने करूनही दिलं. पण हाताने उतरवताना आकडा अडतो. जुलै २०२२ ला तो पहिल्यांदा अडला. मुद्दलीचा रकाना ३,६६२ वरून एकदम २,३६३ वर आला.

मे २०२२ पासून रिझर्व्ह बँकेने दर वाढवायला सुरुवात केली होती. ४.४०, ४.९०, ५.४०, ५.९०, डिसेंबरात ६.२५ आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये ६.५०. टीव्हीवर ते आमच्याही कानावर गेलं होतं. पण बँकेत दर तीन महिन्यांनी दर बदलत असताना हप्त्याचा मेसेज मात्र तोच येत होता, १३,९५५. बँक हप्ता वाढवत नव्हती, मुदत वाढवत होती. ऑक्टोबरात दर ८.९ झाला तेव्हा मुद्दलीच्या रकान्यात ९४८ आले. जानेवारीत ४५९. एप्रिलमध्ये दर साडेनऊ आणि मुद्दल एकशे पाच. आणखी पाव टक्का वाढला असता तर हप्ता भरूनही बाकी वाढत गेली असती.

रजिस्टर ओट्यावर पसरलेलं होतं. मामाजी, म्हणजे माझे सासरे, चहा घेऊन शेजारी बसले. ते चौथीपर्यंत शिकलेले, पण सावकाराशी त्यांनी उभी हयात हिशेब केला आहे.

"हप्ता देल्ला थे ठीक हाय," ते म्हणाले. "पण मुद्दल कितीक तुटली?"

"या महिन्यात एकशे पाच रुपये."

"एकशे पाच हजार?"

"रुपये, मामाजी."

त्यांनी कप खाली ठेवला. "मंग थे त उभीच हाय ना. कवा फिटते असं?"

"असंच चाललं तर एकावन्न वर्षं."

"तवा मी त नाहीच. तू तरी राहशीन का?"

पुढच्या आठवड्यात रजा टाकून मी शाखेत गेले. साहेब बदलून नवे आले होते. त्यांनी स्क्रीन वळवून दाखवली: कर्जाची शेवटची तारीख तीस वर्षांवर जाऊन थांबली होती, कारण सिस्टिमची मर्यादा तेवढीच. ती तारीख माझ्या निवृत्तीच्या बरीच पुढची होती. "पण मॅडम, तुमचा ईएमआय कुठं वाढला? टेन्शन कशाचं?" ते खरंच समजुतीच्या सुरात बोलत होते. त्यांना त्यात वावगं काही दिसत नव्हतं, आणि बहुतेक ग्राहकांनाही दिसत नसावं. हप्ता वाढला की लोक भांडायला येतात. मुदत वाढली तर कोणाला कळतही नाही. मी हप्ता वाढवून मागितला तेव्हा उत्तर मिळालं की तशी सोय सध्या नाही, वरून विचारावं लागेल.

वरून उत्तर आलं ते दुसरीकडूनच. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने परिपत्रक काढलं. दर बदलताना त्याचा हप्त्यावर आणि मुदतीवर काय परिणाम होईल ते कर्जदाराला कळवा. हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे त्याला ठरवू द्या. बँकेच्या धोरणानुसार स्थिर दरावर जायची मुभा द्या. वाटेल तेव्हा थोडी किंवा पूर्ण रक्कम आधी भरू द्या. आणि दर तिमाहीला आतापर्यंत किती मुद्दल, किती व्याज वसूल झालं, किती हप्ते उरले ते साध्या शब्दांत द्या. मुदत इतकी ताणू नका की हप्त्यातून व्याजही भागणार नाही, असंही त्यात आहे. वर्तमानपत्रातलं कात्रण घेऊन मी परत गेले. ह्या वेळी अर्जाचा नमुना टेबलावरच होता.

स्थिर दराचा आकडा ऐकला आणि तो विषय सोडला. उरले दोन रस्ते. मुदत मूळच्या जुलै २०४१ वर आणायची तर हप्ता १६,९८७ होत होता, म्हणजे तीन हजार जास्त. तोवर मी ३ लाख ६२ हजार ८३० रुपये भरले होते आणि मुद्दल तुटली होती ५१ हजार १६४, त्यातलीही बरीचशी दर वाढायच्या आधीच्या महिन्यांतली. नव्या हप्त्याने एकूण आकडा जात होता चाळीस लाखांवर. जुन्याच हप्त्यावर राहिले असते तर, कागदावर का होईना, एकोणनव्वद लाख. मी १६,९८७ वर सही केली.

इथवरचं गणित कुठल्याही शहरातल्या कर्जदाराचं असतं. आमचं वेगळं पुढे सुरू होतं. माझा पगार महिन्याला येतो, पण घराचा अर्धा पैसा वर्षातून एकदा येतो. डिसेंबर-जानेवारीत कापूस विकला की हातात रक्कम असते, आणि मार्चपर्यंत तिला पाय फुटतात. पगारदार माणूस हप्ता वाढवून कर्ज लवकर फेडतो. शेतीच्या घरात हप्ता फार वर नेऊन चालत नाही, कारण एखाद्या वर्षी बोंडअळी येते, एखाद्या वर्षी परतीचा पाऊस. हप्ता झेपेल एवढाच ठेवायचा आणि पिकाचा पैसा आला की मुद्दलीवर मारायचा, हे आम्हाला जास्त जुळलं. व्यक्तीला दिलेल्या फ्लोटिंग दराच्या गृहकर्जावर बँकेला मुदतपूर्व फेडीचा दंड लावता येत नाही; हा नियम २०१२ पासून आहे.

पण कुठलं कर्ज आधी, ह्यावरून घरात वाद झाला. जानेवारी २०२४. घरात तीन देणी होती: सोसायटीचं पीककर्ज, नणंदेच्या लग्नात सोनं ठेवून काढलेलं कर्ज, आणि घर. मामाजींचा दंडक असा की कापसाचा पहिला पैसा सोसायटीत. सोसायटीचा गटसचिव गावातलाच, थकबाकीदारांची यादी कार्यालयाबाहेर लागते, आणि त्या यादीत आपलं नाव कधी आलं नाही हा त्यांचा अभिमान. मी म्हटलं, ३१ मार्चच्या आत भरलं तर त्याला शून्य टक्के; जानेवारीत भरून आपल्याला काय मिळतं? सोन्याचं कर्ज अकरा टक्क्यांचं, ते आधी सोडवू. मग घराचं. सोसायटीचे पैसे वेगळ्या खात्यात बाजूला टाकू आणि मार्चच्या दुसऱ्या आठवड्यात भरू.

"अन् मंधात खर्च झाले तं?" त्यांनी विचारलं.

प्रश्न रास्त होता. शून्य टक्क्याचं कर्ज एक दिवस जरी मुदतीबाहेर गेलं तरी सवलत जाते. म्हणून ते खातं मामाजींच्या नावाने केलं आणि पासबुक त्यांच्याच पेटीत ठेवलं. गणितापेक्षा ह्या व्यवस्थेने वाद मिटला.

सोनं सुटलं. कापसातून उरलेले आणि माझ्या आवर्ती ठेवीचे मिळून दीड लाख घेऊन मी शाखेत गेले. पुढचं नीट वाचा, कारण इथं बरेच जण पैसे भरून गाफील राहतात. कर्जखात्यात नुसती रक्कम टाकली तर काही वेळा ती पुढच्या हप्त्यांचा आगाऊ भरणा म्हणून पडून राहते. लेखी अर्ज द्यावा लागतो की ही रक्कम मुद्दलीत वळती करा. त्या अर्जात एक चौकट असते: हप्ता कमी करायचा की मुदत. क्लार्कने माझ्यासमोर 'हप्ता कमी' वर खूण करायला पेन टेकवलं. म्हणाला, सगळे हेच घेतात. मी रजिस्टर उघडून दोन्ही आकडे दाखवले.

हप्ता कमी केला असता तर तो १५,५२० झाला असता; महिन्याला १,४६७ वाचले असते, सगळ्या मुदतीत मिळून तीन लाख आठ हजार. हप्ता तोच ठेवून मुदत कमी केली तर शेवटचे ३९ हप्ते गळत होते. एकोणचाळीस गुणिले १६,९८७, म्हणजे ६ लाख ६२ हजार. भरायचे दीड लाखच. क्लार्कने स्वतःच्या कॅल्क्युलेटरवर करून बघितलं, मग दुसऱ्या टेबलावरच्या मॅडमना बोलावून दाखवलं. त्यांचंही होम लोन त्याच बँकेचं होतं.

हे सहा लाख बासष्ट हजार मी जसेच्या तसे कोणाला सांगत नाही, कारण ते फसवे आहेत. ते वाचणार २०३८ नंतर. तेव्हाच्या सतरा हजारांत काय येईल? माझा पगार महागाई भत्त्याने वाढत जाईल, हप्ता तोच राहील. त्याच न्यायाने चाळीस लाख एकूण हा आकडाही ऐकायला वाटतो तेवढा भयंकर नाही. खरी तुलना आजचीच करायची: हे दीड लाख मुदत ठेवीत टाकले असते तर सात टक्के मिळाले असते, त्यावर कर. कर्जात टाकले तर साडेनऊ टक्के द्यायचे वाचले, आणि वाचलेल्या व्याजावर कर लागत नाही. एवढं पुरे आहे. अंगावर येणारे मोठे आकडे शाखेतल्या क्लार्कसाठी ठीक.

उलट बाजूही आहे. कर्जात टाकलेला पैसा परत काढता येत नाही. दवाखान्याचं काही निघालं तर बँक म्हणणार नाही की घ्या तुमचे दीड लाख. म्हणून सहा महिन्यांचे हप्ते आणि पेरणीचा खर्च बाजूला ठेवल्याशिवाय मी रुपया भरत नाही. २०२२ च्या सुरुवातीला कापसाला क्विंटलला दहा हजारांच्या वर भाव मिळाला होता. तो पैसा बोअरमध्ये आणि स्प्रिंकलरमध्ये गेला, आणि त्याबद्दल माझी तक्रार नाही. स्प्रिंकलर नसता तर नंतरच्या वर्षी तूर हाती लागली नसती, आणि तुरीचा भाव कर्जाच्या व्याजापेक्षा मोठा होता.

"कर्ज राहू द्या, टॅक्स वाचतो" असं सांगणारे आरोग्य केंद्रातही आहेत. जुन्या कररचनेत ते खरं होतं. राहत्या घराच्या व्याजावर दोन लाखांपर्यंत वजावट मिळते. नव्या रचनेत ती नाही, आणि २०२५-२६ पासून त्या रचनेत बारा लाखांपर्यंतच्या उत्पन्नावर करच लागत नाही. माझा पगार त्याच्या बराच आत आहे. आता वाचवायला टॅक्सच उरला नाही.

जानेवारी २०२५ मध्ये ऐंशी हजार भरले. २०२५ मध्ये रेपो खाली आला. फेब्रुवारीपासून डिसेंबरपर्यंत ६.५० वरून ५.२५. आमचा दर झाला ८.२५. ह्या वेळी बँकेचं पत्र आलं की दर कमी झाल्याने हप्ता कमी करून हवा असल्यास अर्ज करा. केला नाही. जानेवारी २०२६ च्या हप्त्यात ९,४८४ व्याज आणि ७,५०३ मुद्दल होती. तेव्हा हप्ते उरले ११८, म्हणजे २०४१ ऐवजी २०३५ ची अखेर.

नव्या ग्राहकाला तीच बँक रेपोवर ३ पेक्षा कमी लावते. दुसऱ्या बँकेत कर्ज न्यायचं तर पुन्हा वकील, पुन्हा व्हॅल्युअर, पुन्हा गहाणाची नोंद. आपल्याच बँकेला थोडी फी देऊन स्प्रेड, म्हणजे रेपोवरचे ते ३ टक्के, कमी करून मागता येतो. तो अर्ज देऊन ठेवला आहे, उत्तर अजून यायचं आहे.

२०२५ मध्ये आमच्या आरोग्य केंद्राच्या गाडीचा चालक एका फायनान्स कंपनीचा कागद घेऊन आला. नऊ लाख, पंधरा वर्षं. ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक किरकोळ कर्जाआधी 'की फॅक्ट स्टेटमेंट', म्हणजे कर्जाच्या मुख्य अटींचा कागद, द्यावंच लागतं, आणि ते बरंच चांगलं असतं. मला २०२१ मध्ये तसं काही मिळालं नव्हतं. त्यात एपीआर नावाची एक ओळ असते. फी, विमा, सगळे वरखर्च धरून कर्ज खरोखर किती टक्क्यांना पडतं, ते तिथं लिहिलेलं. त्याला सांगितलेला दर होता १०.५. एपीआर होता ११.४३, कारण पंचेचाळीस हजार फी आणि विम्यात कापून हातात ८ लाख ५५ हजारच येणार होते. हप्ता ९,९४९. शेवटच्या पानावर महिनावार तक्ता. मी त्याला तक्त्याची बेरीज करायला लावली: १७ लाख ९१ हजार.

"मॅडम, म्हणजे दोन घरं झाली की," तो म्हणाला. त्याने आधी राष्ट्रीयीकृत बँकेत चौकशी करायचं ठरवलं. तिथं दर कमी निघाला, पण त्याच्या प्लॉटची अकृषक परवानगी अर्धवट होती, म्हणून त्याचं काम अजून तहसीलमध्ये अडलं आहे. कमी दराचं कर्ज कागद पूर्ण असलेल्यालाच मिळतं. ज्याचे कागद अपुरे, तो महाग कर्जाकडे ढकलला जातो. हे आमच्या भागात मी सर्रास बघते, आणि त्याला माझं रजिस्टर काही करू शकत नाही.

कर्ज फिटेल तेव्हाचीही एक गोष्ट कळून ठेवली आहे. पूर्ण फेड झाल्यावर बँकेने मूळ कागदपत्रं तीस दिवसांत परत द्यायची, बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला पाच हजार रुपये भरपाई. डिसेंबर २०२३ पासून हे लागू आहे. आमचं खरेदीखत सध्या बँकेच्या ताब्यात आहे. त्याची झेरॉक्स आणि कागद जमा केल्याची पावती मी रजिस्टरलाच टाचून ठेवली.

२०२५-२६ च्या हंगामात पावसाने कापसाची वाट लावली. जे निघालं ते सीसीआयला, म्हणजे सरकारी कापूस महामंडळाला, द्यायचं आहे, ह्या हंगामाचा हमीभाव क्विंटलला ८,११० आहे. पण कपास किसान ॲपवर नोंदणी झाली तरी नंबर लागायला वेळ, आणि ओलावा बारा टक्क्यांच्या वर गेला की गाडी परत. पैसे येतील त्यातून चाळीस हजार घराच्या कर्जात घालावे असं मी म्हणते. आजच्या दराने त्यात पाच हप्ते गळतात. नवऱ्याला विहिरीवरचा पंप बदलायचा आहे, जुना दोनदा जळला. मुलगी दहावीला आहे, जूनमध्ये यवतमाळला ठेवायची तर फीचं वेगळंच. मामाजींनी मात्र सोसायटीचं पासबुक आधीच काढून ठेवलं आहे.